खड्याची पाळी

डॉ. शर्वरी टिळेकर कधी धावत नसत. त्यामुळे भर दुपारी त्या चपला हातात घेऊन विहिरीकडून पळत येताना दिसल्या, तेव्हा ओट्यावर ज्वारी पाखडणाऱ्या हर्षदाच्या हातातलं सूप जागच्या जागी थांबलं.

"जुई?" तिने विचारलं.

"आहे. अजून आहे." डॉक्टरांना दम लागला होता. "गोकुळभाऊंना बोलवा. बारकूआबांनाही. आज संध्याकाळी पाळी बदलायची नाही. काही झालं तरी आतलं माणूस बाहेर येता कामा नये."

"का?"

"बदललं तर जुई वाचणार नाही."

हर्षदाने सूप खाली ठेवलं. मग पुन्हा उचललं आणि उगाचच भिंतीला टेकवून उभं केलं. मग शेताकडे तोंड करून नवऱ्याला, गोकुळला, हाक मारली.

सावळखेड्यात तो खडा सापडला विहीर खोदताना. काळ्या पाषाणात सुरुंग लावला आणि खाली एक पोकळी उघडी पडली. आतून सगळी हिरवट, पारदर्शक स्फटिकांनी मढलेली. खाली उतरलेला गडी म्हणाला, मी आत विडी ओढून लगेच वर आलो. वरचे लोक म्हणाले, अरे, आम्ही दोन वेळा जेवलो, पोलिसांना बोलवायच्या बेतात होतो. तिथून पुढे शास्त्रज्ञ आले, तंबू आले, मग संशोधन केंद्राची पक्की इमारत आली. स्फटिकाचा तुकडा तोडून नेला तर तो साधा दगड होई. जे काही घडत होतं ते त्या पोकळीतच, त्या जागी. कागदोपत्री त्याला कालस्फटिक म्हणत. गाव नुसतं खडा म्हणे.

पोकळीचे दोन भाग होते, मधे स्फटिकाची हातभर जाड भिंत. भिंतीच्या एका बाजूला लहान कोनाडा. त्यात काळ जवळजवळ थिजलेला असे. पण थिजलेला काळ कुठे तरी जायला हवा. तो भिंतीच्या पलीकडच्या मोठ्या कपारीत जाई आणि तिथे काळ धावत सुटे. कोनाड्यात एक फूल ठेवून ते महिनाभर ताजं ठेवायचं असेल, तर कपारीत दुसरं काही तरी कोमेजायला ठेवावं लागे. फुलासाठी फूल पुरत होतं. उंदरासाठी उंदीर लागत होता. जितकं गुंतागुंतीचं जगणं इकडे थांबवायचं, तितकंच गुंतागुंतीचं तिकडे धावायला हवं, हा त्या खड्याचा हिशोब होता. आणि तो हिशोबही सरळ नव्हता. मातीच्या पाटातून सोडलेलं पाणी शेतात पोचेपर्यंत बरंचसं मुरून जातं, तसं वाटेत बरंच मुरत होतं. कोनाड्यातल्याचा एक दिवस वाचवायचा, तर कपारीतल्याचा जवळजवळ एक महिना जाई.

हर्षदाच्या मुलीचं, जुईचं, यकृत निकामी झालं तेव्हा ती पहिलीत होती. तिच्याच पेशींपासून नवीन यकृत पुण्याच्या प्रयोगशाळेत वाढवता येत होतं, पण त्याला दहा महिने लागणार होते. जुईकडे दोन दिवस होते. डॉ. टिळेकरांनी केंद्राची परवानगी काढली आणि बेशुद्ध पोरीला कोनाड्यात ठेवलं. कपारीत कुणी बसायचं, हा प्रश्नच नव्हता. हर्षदा बसणार होती. तिने कपडेसुद्धा भरले होते.

ते गावाने होऊ दिलं नाही.

सावळखेडं हे फडाचं गाव. नदीवरच्या बंधाऱ्याचं पाणी इथे पिढ्यान्पिढ्या पाळीने घेतात. जमीन थोडी असो की जास्त, पाळी चुकवायची नाही, दुसऱ्याची घ्यायची नाही, आणि एकाच्या पाटाचं दार बंद झाल्याशिवाय दुसऱ्याचं उघडायचं नाही. ही पाळी सांभाळणारा पाटकरी म्हणजे बारकूआबा. ते त्या दिवशी केंद्राच्या अंगणात उभे राहिले आणि म्हणाले, "एका घराची पंचवीस वर्षं जाण्यापेक्षा प्रत्येक घराचा एक महिना जाईल. पोर गावाची आहे. पाळी लावू." आणि पहिली पाळी त्यांनी स्वतः घेतली. एका संध्याकाळी आत गेले, दुसऱ्या संध्याकाळी बाहेर आले ते महिन्याची दाढी घेऊन, आणि पहिला प्रश्न विचारला, "बैलांना पाणी दाखवलं का?"

सगळे हसले होते. हर्षदा त्यांच्या पाया पडून रडली होती.

तेव्हापासून रोज दिवेलागणीला एक माणूस महिन्याचं पीठ, डाळ, तेल घेऊन आत जाई आणि आधीचं बाहेर येई. बाया गोधड्या शिवून आणत. कुणी बी.ए.चा अभ्यास करून आलं. गोकुळ आणि हर्षदाच्या घरालाही एकच पाळी मिळाली, ती हर्षदाने घेतली. सात महिने असे गेले.

"चूक माझीच आहे," डॉक्टर आता ओसरीवर बसून सांगत होत्या. गोकुळ शेतातून तसाच चिखलाच्या पायांनी आला होता. बारकूआबा खांबाला टेकून उभे होते. "जुईच्या अंगावरची यंत्रं तिच्याबरोबर थिजलेली आहेत. त्यांचा एक आकडा बाहेर यायला आठवडे लागतात. आज आलेल्या आकड्यांचा मेळ लागला. ती कोनाड्यात नुसती थांबलेली नाही. रोज पाळी बदलताना, आधीचं माणूस बाहेर पडतं आणि पुढचं अजून आत गेलेलं नसतं, तेवढ्यात खड्याची पकड सुटते. त्या एका क्षणात तिच्याकडे पाच-दहा मिनिटं धावून जातात. आबा, दार बदलताना पाट हिसका देतो ना?"

"देतो," आबा म्हणाले. "भरलेला असला तर काठही फुटतो."

"तसंच. आणि हिसके वाढत चाललेत. तिचे दोन दिवस होते, त्यातले थोडेसेच तास उरलेत. अजून एक हिसका ती सोसेल असं मला वाटत नाही."

"मग हिसका बसू देऊ नका," गोकुळ म्हणाला. "पुढच्याला आधी आत घाला, मग आधीचं बाहेर काढा."

"उपयोग नाही. खडा एकालाच धरतो. त्या एकाच्या जिवाशी कोनाडा बांधला जातो. शेजारी दहा जण उभे केले तरी धरलेलं माणूस बाहेर आलं की सुटलंच."

"म्हणजे आज जे आत आहे..."

"तेच शेवटपर्यंत आत राहायला हवं. अजून तीन महिने."

बाहेरचे तीन महिने म्हणजे आतली किती वर्षं, हे गावातलं शेंबडं पोरही सांगू शकलं असतं. सात. सातच्या थोडं वर.

आत कोमल होती. समोरच्या सोनवण्यांची कोमल. बापाच्या हृदयाचं ऑपरेशन झालेलं, भाऊ फौजेत, म्हणून ती गेली होती. वय बावीस. दिवाळीनंतर तिचं लग्न ठरलं होतं, मुलगा, मनोज, सुरतेला कापडाच्या मिलमध्ये सुपरवायझर होता.

हर्षदा उठली. "मला काल का नाही कळलं?" ती कुणाकडेच न बघता म्हणाली. "काल मी आत जाऊन बसले असते."

केंद्राच्या तळघरात कपारीचं दार होतं, आणि दारात एक खिडकी. खिडकीतून पाटी आत सरकवायची, पाटी बाहेर घ्यायची. बोलून उपयोग नसे. आतलं बोलणं बाहेर चिमणीच्या चिवचिवाटासारखं ऐकू येई, आणि बाहेरचं आत गेलं की म्हैस हंबरल्यासारखं. काचेतून आत पाहिलं तर माणूस धड दिसत नसे, नुसती एक सावली इथून तिथे भिरभिरे.

बारकूआबांनी किल्ली कमरेच्या करगोट्यातून काढली आणि हातात धरून दारापाशी बसले.

"दिवेलागणीला मी दार उघडणार," ते म्हणाले.

"आबा, तुम्ही ऐकलं ना डॉक्टर काय म्हणाल्या?" गोकुळचा आवाज चढला.

"ऐकलं. पण पोरगी एका पाळीसाठी आत गेलीय. पाळी संपल्यावर मी दार लावून ठेवलं, तर तो तुरुंग झाला. ती आपल्या मनाने राहते म्हणाली तर राहू दे. मी डांबणार नाही."

"मग तिला सांगायचंच कशाला?" गोकुळने पाटी उचलली. "पुढचं माणूस आजारी आहे, दोन दिवस थांब, एवढंच लिहू. मग अजून दोन दिवस. शिधा पाठवत राहू. तिला काय कळणार आहे?"

"बाहेरचे दोन दिवस म्हणजे तिचे दोन महिने, गोकुळ."

"मला माहीत आहे, आबा. सगळं माहीत आहे." तो बायकोकडे वळला. "तू लिही. तुझं अक्षर ती ओळखते."

हर्षदाने पाटी घेतली. समोरच्या काचेत सावली इकडून तिकडे गेली, खाली बसली, उठली. आपण इथे एक मिनिट विचार केला की आतल्या पोरीचा अर्धा तास जातो, हे तिला एकदम जाणवलं. विचार करायचीसुद्धा सोय नव्हती.

तिने लिहिलं. *कोमल, पुढचं माणूस आजारी आहे. दोन दिवस थांबशील का? हर्षदावहिनी.*

अक्षर चांगलं आलं होतं. तिने पाटी खिडकीच्या फटीपर्यंत नेली. अर्धी आत गेली होती. गोकुळ श्वास रोखून बघत होता. डॉक्टरांनी तोंड फिरवलं होतं. आणि हर्षदाला स्वतःचीच पाळी आठवली. शेवटच्या आठवड्यात तिने रोज भिंतीवर रेघा मोजल्या होत्या. पोटची पोर समोर असूनही मोजल्या होत्या. शेवटच्या दिवशी दार जरा उशिरा उघडलं, बाहेरची पाचच मिनिटं असतील, तेव्हा तिने दारावर डोकं आपटून घेतलं होतं. ही गोष्ट तिने कुणालाच सांगितली नव्हती.

तिने पाटी मागे ओढली आणि पदराने पुसली.

"काय केलंस?" गोकुळ म्हणाला. "हर्षदा, काय केलंस?"

"मला ओरडू नकोस. मग लिहिता येणार नाही."

तिने पुन्हा लिहिलं. अक्षर वाकडंतिकडं आलं. पाळी बदलली की जुईला काय होतं ते लिहिलं. तीन महिने लिहिले, सात वर्षं लिहिली. जागा संपली तेव्हा पाटीच्या कडेला उभं लिहिलं, *आबा दार उघडणार आहेत. यायचं असेल तर ये. तुला कोणी अडवणार नाही.* आणि पाटी आत ढकलली.

गोकुळ भिंतीला टेकून खाली बसला आणि त्याने दोन्ही हातांनी डोकं धरलं.

उत्तर यायला बाहेरचा थोडाच वेळ लागला. पण तेवढ्यात कोमलने आत एक आख्खी रात्र काढली असणार. पाटीवर लिहिलं होतं: *सात? म्हणजे मनोज माझ्यापेक्षा पाच वर्षांनी लहान होईल. त्याला विचारू नका. माझ्या आईला बोलवा.*

सुमनआक्का आली ती हातावरचं पीठ न धुताच. डॉक्टरांनी तिला सगळं सांगितलं. ती ऐकून घेत असताना काचेतली सावली खिडकीपाशी थांबून होती. इतका वेळ कुणी आत एका जागी थांबलेलं कुणी पाहिलं नव्हतं.

"तू लिहिलंस हे?" सुमनआक्काने हर्षदाला विचारलं.

"हो."

"मी चूल पेटवली होती. पोरगी येईल म्हणून तिच्या आवडीची कढी टाकली होती." सुमनआक्काचा आवाज अगदी साधा होता. "एक महिना देते म्हटलं होतं आम्ही. महिनाच. तू सांग हर्षदा, माझ्या तोंडाकडे बघून सांग, मी आता काय लिहू?"

हर्षदाने तिच्या तोंडाकडे पाहिलं. "मी तुमच्या जागी असते, तर बाहेर ये म्हणून लिहिलं असतं."

"मनापासून?"

"मनापासून. आणि तुम्ही लिहिलंत तर मी जन्मभर तुमच्याशी बोलणार नाही. तेही मनापासून."

सुमनआक्काने पाटी ओढून घेतली. मग तिने दोनच शब्द लिहिले. *बाहेर ये.* पाटी आत गेली. हर्षदाने डोळे मिटले. तिला ओरडायचं होतं, त्या बाईचे पाय धरायचे होते, आबांच्या हातातली किल्ली हिसकावून घ्यायची होती. यातलं काहीच तिने केलं नाही, कारण यायचं असेल तर ये, हे तिने स्वतःच लिहून दिलं होतं.

वर झरोक्यातला उजेड तांबूस होऊ लागला होता. बारकूआबा गुडघ्यावर हात ठेवून उठले.

पाटी बाहेर आली. यावेळी बारीक अक्षरात, दोन्ही बाजूंनी.

*आई, मी आले तेव्हा जुईच्या केसांपाशी घामाचा एक थेंब होता. मी रोज बघते. आता तो भुवईपाशी आलाय. मी आत्ता बाहेर आले तर तो खाली पडायच्या आत ती जाईल. मग मला घरात कढी गोड लागेल का? तू मला ये म्हणालीस, बरं वाटलं. पण मी नाही येत.*

आणि मागच्या बाजूला:

*वहिनी, मी बसते. पण एकटी नाही बसणार. मला आताच भिंतीशी बोलायची सवय लागलीय. सात वर्षांत वेड लागेल. तुम्ही आत या. पाळी नका घेऊ, नुसत्या या. नाही आलात तर मी आबांनी दार उघडल्यावर निघेन. हे मी रागाने लिहीत नाही.*

डॉक्टरांनी पाटी दोनदा वाचली. "याने जुईला काही फायदा नाही," त्या हळूच म्हणाल्या. "खड्याने कोमललाच धरलंय. तुमची सात वर्षं नुसतीच जातील. तुम्ही बाहेर याल तेव्हा..."

"दुसरं माणूस आत गेलं तर धक्का बसेल का?"

"तसा नाही. धरलेलं माणूस हललं तरच."

"मग झालं."

"अजून एक ऐका. यकृत तयार झालं तरी तिचं शरीर ते स्वीकारेलच, असं मी छातीवर हात ठेवून सांगू शकत नाही. इतके हिसके बसल्यावर तर नाहीच."

हर्षदाने मान हलवली. तिने ते ऐकलं होतं, पण त्याचं काय करायचं हे तिला कळत नव्हतं. ती गोकुळकडे वळली. तो उभा राहिला होता आणि शर्टाची बटणं उगाच लावत-काढत होता.

"मी जातो," तो म्हणाला.

"तिने मला बोलावलंय. आणि पोरीबरोबर तू आत राहणार सात वर्षं? सुमनआक्का तुझे पाय मोडेल."

तो हसला. मग त्याच्या चेहऱ्याचं काय झालं ते त्याला आवरलं नाही. "मला तीनच महिने," तो म्हणाला. "तीन महिन्यांनी तू येशील तेव्हा मी असाच असेन. तू मला ओळखशील ना?"

"तू मला ओळख म्हणजे झालं."

मग ती दाराकडे वळली. "आबा," ती म्हणाली, "फडात एका वेळी एकच दार उघडं राहतं. मी आत गेले तर नियम मोडेल."

बारकूआबा किल्लीकडे बघत होते. सात महिने गाव ज्या गोष्टीचा अभिमान बाळगत होतं, त्याच गोष्टीने रोज दिवेलागणीला त्या पोरीचं आयुष्य थोडं थोडं काढून घेतलं होतं. आणि ते स्वतः रोज दाराशी उभे राहून, आधीचं माणूस पुरतं बाहेर आलंय ना, याची खात्री करून मगच पुढच्याला आत सोडत होते. पाण्याची चोरी होऊ नये म्हणून फडात असंच करतात.

"जा," ते म्हणाले. किल्ली कुलपाला लागेना, तेव्हा सुमनआक्काने त्यांच्या हातावर हात धरून ती फिरवली.

बाहेरचं दार उघडलं. मधे चार पावलांची वाट, मग आतलं दार. हर्षदा निघाली तेव्हा सुमनआक्काने तिला मागून धरलं. मिठी नव्हती ती, दंड धरला होता, आणि चांगला दुखेल असा धरला होता.

"तिला रात्री पाय गार पडतात," सुमनआक्का म्हणाली. "आणि चिडली की जेवत नाही. उपाशी ठेवू नकोस."

"नाही ठेवणार."

सुमनआक्काने दंड सोडला. मागचं दार लागलं. हर्षदाने आतलं दार उघडलं.

बॅटरीच्या दिव्यात कोमल उभी होती. काल संध्याकाळी आत जाताना पाहिलेली पोरगी ती हीच, पण गाल बसले होते आणि वेणी विस्कटलेली होती. हर्षदा पुढे झाली, पण कोमल जवळ आली नाही.

"किती उशीर केलात, वहिनी," ती म्हणाली. आवाज घोगरा झाला होता. "मी पाटी टाकल्याला आख्खा दिवस होत आला. मला वाटलं, तुम्ही येत नाही."

"पाटी वाचली आणि लगेच निघाले गं."

"माहीत आहे. तरी आख्खा दिवस." तिने ओठ दाबून धरले. मग एकदम खाली बसली आणि गुडघ्यांत तोंड घालून रडायला लागली. हर्षदा शेजारी बसली. आभार मानायला तोंड उघडलं, पण या मुलीसमोर तो शब्द काढायची लाज वाटली. तिने आपल्या पदराने कोमलची गार पावलं गुंडाळली आणि धरून ठेवली.

बऱ्याच वेळाने कोमलने डोळे पुसले. "ती जगेल ना पण?" तिने विचारलं.

"माहीत नाही," हर्षदा म्हणाली. "डॉक्टरांनाही माहीत नाही."

कोमलने हे ऐकून घेतलं. उठली, दार आहे तिकडे बघत उभी राहिली. आतली कडी तिच्या हाताच्या अंतरावर होती. हर्षदा बसल्या जागी बसून राहिली. तिला कोमलला अडवायचं नव्हतं आणि ती गेली तर बघायचंही नव्हतं, म्हणून तिने मान वळवून स्फटिकाच्या भिंतीकडे पाहिलं.

हिरवट भिंतीपलीकडे जुई पडली होती. तोंड जरासं उघडं. छाती भरलेली होती का रिकामी, ते हर्षदाला कळेना.

"आत्ता श्वास वर चाललाय," मागून कोमल म्हणाली. ती दारापासून परत आली होती. "सकाळी सुरू झालाय. दुपारपर्यंत भरेल, मग रात्री हळूहळू उतरतो. तोवर बघत बसायचं नाही, वहिनी. बघत बसलं की छाती हलतच नाही असं वाटतं. मी बसले होते पहिल्या आठवड्यात."

तिने परातीत पीठ काढलं आणि परात हर्षदाकडे सरकवली.

"तुम्ही मळा," ती म्हणाली. "मी भाजी बघते."